यादीतला क्रमांक: महाराष्ट्रातील जिल्हा परिषद शिक्षकांच्या पदोन्नतीची वाटचाल

महाराष्ट्रातील जिल्हा परिषदेच्या शाळेत रुजू होणारा बहुतेक शिक्षक उपशिक्षक म्हणून सेवेला प्रारंभ करतो. त्याच्यापुढे पदवीधर शिक्षक, मुख्याध्यापक, केंद्रप्रमुख आणि विस्तार अधिकारी (शिक्षण) अशी पदे असतात. वरच्या प्रत्येक पायरीवर जागा कमी होत जातात आणि तीस-पस्तीस वर्षांच्या नोकरीनंतरही हजारो शिक्षक ज्या पदावर आले त्याच पदावरून निवृत्त होतात. त्यामुळे वर कोणी जायचे, कोणत्या निकषावर जायचे आणि ते कोणी ठरवायचे, हे प्रश्न शिक्षकांच्या सेवाजीवनात कायम कळीचे राहिले. त्यांची उत्तरे गेल्या दीडशे वर्षांत अनेकदा बदलली. प्रत्येक नव्या नियमाने आधीचा एखादा अन्याय दूर केला आणि बहुतेक वेळा नवा वादही उभा केला.

खात्याची शाळा आणि साहेबाची मर्जी

मुंबई इलाख्यात १८५५ मध्ये स्वतंत्र शिक्षण खाते सुरू झाले. गावोगावी खात्याच्या मराठी शाळा निघाल्या आणि पूर्वीच्या पंतोजीच्या जागी पगारी मास्तर आला. त्याच्या कामाची तपासणी डेप्युटी इन्स्पेक्टर करी. मास्तराची बढती आणि बदली बरीचशी या तपासणी अधिकाऱ्याच्या शेऱ्यावर अवलंबून असे. ट्रेनिंग कॉलेजात किती वर्षांचा अभ्यासक्रम पुरा झाला यावर शिक्षकांची प्रतवारी होई. प्रशिक्षण हा पदोन्नतीचा पहिला लेखी निकष असा आकाराला आला. पण ट्रेनिंग कॉलेजापर्यंत पोहोचण्याची संधीच समाजातील थोड्या घटकांना होती.

हा मुद्दा महात्मा जोतीराव फुले यांनी १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे सादर केलेल्या निवेदनात स्पष्टपणे मांडला. प्राथमिक शाळांतील जवळपास सगळे शिक्षक ब्राह्मण आहेत, त्यांतले प्रशिक्षित थोडे आहेत आणि पगार तुटपुंजे आहेत, अशी त्यांची तक्रार होती. शिक्षक शक्यतो शेतकरी वर्गातून यावेत, प्रशिक्षित असावेत आणि त्यांना पोट भरण्याइतका पगार मिळावा, अशी त्यांची मागणी होती. नेमणूक, पात्रता आणि वेतन हे तिन्ही प्रश्न फुले यांनी एकत्र पाहिले. शिक्षकाच्या जागेवर कोण बसतो याचा परिणाम वर्गात कोण टिकतो यावर होतो, हे त्यांच्या मांडणीचे मर्म होते. पुढच्या काळात समान संधीच्या वादात हाच धागा पुन्हा पुन्हा दिसतो.

कोल्हापूर संस्थानात राजर्षी शाहू महाराजांनी १९०२ मध्ये रिकाम्या होणाऱ्या सरकारी जागांपैकी ५० टक्के जागा मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवण्याचा हुकूम काढला. हा हुकूम नेमणुकीपुरता होता. तरीही सरकारी नोकरी ही अधिकाऱ्याच्या कृपेची बाब नसून तिच्या वाटपाला जाहीर नियम हवा, हे तत्त्व त्याने प्रत्यक्षात आणले.

लोकल बोर्ड ते जिल्हा परिषद

१९२३ च्या मुंबई प्राथमिक शिक्षण कायद्याने प्राथमिक शाळांचा कारभार स्थानिक संस्थांकडे गेला. लोकनियुक्त सभासदांकडे शाळा आल्याने शिक्षण लोकांच्या जवळ आले. मात्र नेमणुका, बदल्या आणि बढत्यांमध्ये स्थानिक वजनदार मंडळींचा हस्तक्षेप वाढल्याची टीकाही लवकरच सुरू झाली. हार्टोग समितीने १९२९ मध्ये देशभरातील प्राथमिक शिक्षणाचा आढावा घेताना स्थानिक संस्थांकडे घाईने सोपवलेल्या अधिकारांवर बोट ठेवले. १९३८ मध्ये मुंबई सरकारने कायद्यात दुरुस्ती करून सरकारने नेमलेल्या प्रशासन अधिकाऱ्याचे स्थान मजबूत केले. १९४७ च्या मुंबई प्राथमिक शिक्षण कायद्यात जिल्हा स्कूल बोर्ड आणि कर्मचारी निवड समितीची रचना आली. नेमणुकीचा निर्णय एका व्यक्तीकडून समितीकडे नेण्याचा हा प्रयत्न होता.

१९५० मध्ये राज्यघटना लागू झाली. अनुच्छेद १४ ने कायद्यापुढील समानता आणि अनुच्छेद १६ ने सरकारी नोकरीतील समान संधी हा मूलभूत हक्क ठरवला. समान संधी केवळ प्रवेशापुरती नसून नोकरीतील पुढच्या टप्प्यांनाही लागू होते, हे न्यायालयांनी हळूहळू स्पष्ट केले. पदोन्नती मिळणे हा हक्क नाही, पण पात्र असताना पदोन्नतीसाठी विचार होणे हा मूलभूत हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ च्या अजितसिंग खटल्यात निःसंदिग्धपणे सांगितले. शिक्षकांच्या असंख्य याचिका पुढे याच भेदावर उभ्या राहिल्या.

राज्य पुनर्रचनेनंतर एक वेगळाच पेच आला. मराठवाड्यातील शिक्षक हैदराबाद राज्याच्या सेवेतून आले होते, विदर्भात जनपद सभांची व्यवस्था होती आणि पश्चिम महाराष्ट्रात स्कूल बोर्डे होती. तिन्हीकडील वेतनश्रेणी, पदनामे आणि सेवाशर्ती वेगळ्या होत्या. १९६१ चा महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम झाला आणि १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या. प्राथमिक शाळा आणि शिक्षक त्यांच्याकडे वर्ग झाले. १९६७ च्या जिल्हा सेवा (प्रवेश) नियमांनी पदांची पात्रता, सरळसेवा आणि पदोन्नतीचे मार्ग निश्चित केले.

या रचनेतून दोन दूरगामी गोष्टी घडल्या. पहिली म्हणजे शिक्षकाचा संवर्ग जिल्ह्यापुरता झाला. प्रत्येक जिल्हा परिषदेची ज्येष्ठता यादी स्वतंत्र राहिली. त्यामुळे सारख्याच पात्रतेचे आणि एकाच वर्षी रुजू झालेले दोन शिक्षक एका जिल्ह्यात पंधरा वर्षांत, तर दुसऱ्यात पंचवीस वर्षांत मुख्याध्यापक होऊ शकत होते. दुसरी गोष्ट दाद मागण्याच्या वाटेची. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी पुढे प्रशासकीय न्यायाधिकरण आले, पण जिल्हा परिषद शिक्षकाला विभागीय आयुक्तांकडे अपील किंवा थेट उच्च न्यायालय हेच मार्ग उरले. विधान परिषदेच्या शिक्षक मतदारसंघातही त्याला मत नाही, कारण घटनेच्या अनुच्छेद १७१ नुसार तो हक्क माध्यमिक आणि त्यावरील शिक्षकांना आहे. प्राथमिक शिक्षकांच्या संघटना महाराष्ट्रात इतक्या बळकट का झाल्या, याचे एक कारण इथे सापडते.

ज्येष्ठता यादीचे राज्य

साहेबाच्या मर्जीला पर्याय म्हणून ज्येष्ठता यादी आली आणि ती शिक्षकांना सर्वांत विश्वासार्ह वाटली. तात्पुरती यादी प्रसिद्ध करायची, हरकती मागवायच्या, त्यांवर निर्णय देऊन अंतिम यादी लावायची, असा तिचा क्रम आहे. शाळेत, पंचायत समितीत किंवा जिल्हा परिषदेच्या फलकावर लागलेली ही यादी कोणीही वाचू शकतो. आपल्या पुढे कोण आहे आणि का आहे, हे विचारण्याचा अधिकार तिने सामान्य शिक्षकाला दिला.

तरीही यादीतला क्रमांक वाटतो तितका सरळ नसतो. एकाच दिवशी शेकडो शिक्षक रुजू झाले तर पुढे कोण? निवड यादीतील गुणक्रम, रुजू दिनांक आणि जन्मतारीख यांपैकी आधी काय पाहायचे? अप्रशिक्षित म्हणून लागलेल्या शिक्षकाची ज्येष्ठता नेमणुकीपासून धरायची की प्रशिक्षण पूर्ण झाल्यापासून? तात्पुरती सेवा मोजायची का? अभियंत्यांच्या सेवाज्येष्ठतेवरून महाराष्ट्र शासनाविरुद्ध चाललेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये घालून दिलेली सूत्रे पुढे सर्वच सेवांना मार्गदर्शक ठरली. नियमानुसार झालेल्या नेमणुकीची ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून धरावी आणि नियमबाह्य तदर्थ सेवा त्यात मोजू नये, असा त्यांचा आशय होता. २००० साली महाराष्ट्रात शिक्षण सेवक योजना आली. प्राथमिक शिक्षकाने दरमहा ३,००० रुपये मानधनावर तीन वर्षे काम करायचे आणि मग नियमित वेतनश्रेणीत यायचे, अशी ती योजना होती. ही तीन वर्षे कोणकोणत्या लाभांसाठी धरायची, हाही वादाचा विषय झाला.

ज्येष्ठतेच्या जोडीला गोपनीय अहवाल होता. वरिष्ठाने लिहिलेला प्रतिकूल शेरा शिक्षकाला कळलाच नाही आणि पदोन्नतीच्या बैठकीत मात्र तो पुढे आला, असे घडत असे. सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या देव दत्त खटल्यात अहवालातील प्रत्येक नोंद कर्मचाऱ्याला कळवली पाहिजे असा निर्वाळा दिला. बंद पाकिटातील शेऱ्यावर माणसाची वाट अडवणे समान वागणुकीत बसत नाही, हे त्यातून प्रस्थापित झाले.

बारा आणि चोवीस वर्षे

वरच्या पदांची संख्याच तोकडी असेल, तर सर्वांत न्याय्य यादीही बहुसंख्यांना काही देऊ शकत नाही. प्रा. डी. पी. चट्टोपाध्याय यांच्या अध्यक्षतेखाली १९८३ मध्ये नेमलेल्या राष्ट्रीय शिक्षक आयोगाने शिक्षकांच्या या कोंडीचा विचार केला. वर्गात शिकवत राहणाऱ्या शिक्षकाचीही वेतनात प्रगती व्हावी, हे तत्त्व त्यातून पुढे आले. महाराष्ट्रात १ जानेवारी १९८६ पासून १२ वर्षांच्या सेवेनंतर वरिष्ठ श्रेणी आणि २४ वर्षांनंतर निवड श्रेणी लागू झाली. शिक्षक या व्यवस्थेला आजही ‘चट्टोपाध्याय’ म्हणूनच ओळखतात.

वरिष्ठ श्रेणी व्यापक होती, पण निवड श्रेणीला २० टक्क्यांची मर्यादा होती. सारखी सेवा आणि सारखे प्रशिक्षण असूनही पाचातल्या एकालाच लाभ मिळे आणि बाकीचे क्रमांकाची वाट पाहत निवृत्त होत. या श्रेणीसाठी आवश्यक सेवांतर्गत प्रशिक्षण शासनाने वेळेवर आयोजित केले नाही तर पात्र शिक्षकही खोळंबत. २०१९ मध्ये राज्य कर्मचाऱ्यांसाठी १०, २० आणि ३० वर्षांनंतर लाभ देणारी सुधारित आश्वासित प्रगती योजना आली. तीच आपल्यालाही लागू करावी, ही शिक्षक संघटनांची मागणी समान वागणुकीच्या तत्त्वावरच उभी आहे.

नवी पदे निर्माण करणे हा दुसरा उपाय. १९९४ मध्ये शासनाने साधारण दहा शाळांमागे एक याप्रमाणे केंद्रप्रमुखांची ४,८६० पदे मंजूर केली. शाळाभेटी, शिक्षण परिषदा आणि शैक्षणिक मार्गदर्शन ही त्यांची कामे होती. शिक्षकाला शिक्षक म्हणूनच वर जाण्याची ही मोलाची वाट होती. पुढे ही पदे कशी भरायची यावर नियम अनेकदा बदलले. सरळसेवा, पदोन्नती आणि मर्यादित विभागीय परीक्षा यांचे प्रमाण कमीजास्त होत राहिले. डिसेंबर २०२२ च्या शासन निर्णयाने निम्मी पदे पदोन्नतीने आणि निम्मी विभागीय स्पर्धा परीक्षेने भरण्याचे ठरले. अनुभवी शिक्षकांना यादीचा भरवसा हवा होता आणि तरुण शिक्षकांना गुणवत्ता दाखवण्याची संधी हवी होती. निम्मे-निम्मे प्रमाण हा त्या दोन रास्त अपेक्षांमधला तोडगा होता. मात्र नियम बदलत असताना पदे रिकामी राहिली आणि अनेक ठिकाणी उपशिक्षक किंवा मुख्याध्यापकच प्रभारी केंद्रप्रमुख म्हणून काम करीत राहिले. काम वरच्या पदाचे आणि वेतन मूळ पदाचे, ही विषमता प्रभारी व्यवस्थेतून रुजली.

शिक्षण हक्क कायदा २००९ मध्ये आल्यानंतर सहावी ते आठवीसाठी विषयनिहाय पदवीधर शिक्षकांची गरज निर्माण झाली. अनेक पदवीधारक उपशिक्षकांना या पदांवर नेण्यात आले, पण पदवीधर वेतनश्रेणी त्यांच्यापैकी ठराविक हिश्श्यालाच मिळाली. एकाच शाळेत तेच वर्ग शिकवणाऱ्या दोन शिक्षकांचे वेतन त्यामुळे वेगळे झाले. याच कायद्याच्या अनुसूचीने प्राथमिक स्तरावर १५० हून आणि उच्च प्राथमिक स्तरावर १०० हून अधिक विद्यार्थी असलेल्या शाळेला मुख्याध्यापक ठरवून दिला. पटसंख्येवर पद अवलंबून असल्याने शाळेची पदे ठरवणाऱ्या संच मान्यतेत पट घटला की पदोन्नतीची जागाही जाते. डोंगरी आणि आदिवासी भागांतील लहान शाळांना याचा सर्वाधिक फटका बसतो.

आरक्षण, बिंदुनामावली आणि न्यायालये

पदोन्नतीतील समानतेचा सर्वांत मोठा घटनात्मक वाद आरक्षणाभोवती झाला. सर्वोच्च न्यायालयाने १९६१ च्या रंगाचारी खटल्यात पदोन्नतीतील आरक्षण मान्य केले होते. १९९२ च्या इंद्रा साहनी निकालाने अनुच्छेद १६(४) मध्ये ते बसत नाही असे ठरवले आणि चालू व्यवस्थेला पाच वर्षांची मुदत दिली. संसदेने १९९५ मध्ये ७७ वी घटनादुरुस्ती करून अनुच्छेद १६(४अ) आणला आणि अनुसूचित जाती-जमातींसाठी पदोन्नतीतील आरक्षणाला आधार दिला. त्याच वर्षी आर. के. सभरवाल खटल्यात न्यायालयाने बिंदुनामावली, म्हणजे कोणते पद कोणत्या प्रवर्गाचे हे दाखवणारा तक्ता, रिक्त जागांवर न चालता मंजूर पदांवर चालावी असे सांगितले. महाराष्ट्रात १९९७ मध्ये त्यानुसार शंभर बिंदूंची नामावली लागू झाली. ज्येष्ठता यादीच्या शेजारी बिंदुनामावली हा पदोन्नतीचा दुसरा मूलभूत दस्तऐवज ठरला.

आरक्षणाने लवकर वर गेलेल्या कर्मचाऱ्याची वरच्या पदावरील ज्येष्ठता टिकते का, हा पुढचा प्रश्न होता. मागून येणारा खुल्या प्रवर्गातील ज्येष्ठ कर्मचारी आपला क्रमांक परत मिळवतो, असे न्यायालयाने म्हटले. २००१ च्या ८५ व्या घटनादुरुस्तीने आरक्षित कर्मचाऱ्याला आनुषंगिक ज्येष्ठता दिली. २००६ च्या नागराज निकालाने या दुरुस्त्या वैध ठरवल्या, पण अपुऱ्या प्रतिनिधित्वाची आकडेवारी सादर करण्याची अट राज्यांवर घातली. २०१८ च्या जर्नेलसिंग निकालाने नागराज निकालातील मागासलेपण पुन्हा सिद्ध करण्याची अट काढली, आकडेवारीची अट मात्र कायम ठेवली.

महाराष्ट्राने २००४ मध्ये अमलात आलेल्या आरक्षण अधिनियमाने एकूण ५२ टक्के आरक्षण दिले. २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने पदोन्नतीत अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, विमुक्त जाती, भटक्या जमाती आणि विशेष मागास प्रवर्गासाठी ३३ टक्के आरक्षण लागू झाले. प्रशासकीय न्यायाधिकरणाने २०१४ मध्ये आणि मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी हा निर्णय रद्द ठरवला. राज्य शासन सर्वोच्च न्यायालयात गेले. डिसेंबर २०१७ पासून आरक्षित बिंदू रिकामे ठेवून खुल्या जागांवरच पदोन्नती देण्याचे धोरण आले. ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने सर्व पदे २५ मे २००४ रोजीच्या ज्येष्ठतेनुसार, अंतिम निकालाच्या अधीन राहून भरण्याचे ठरवले.

या वादाची झळ सर्व प्रवर्गांतील शिक्षकांना बसली. मागासवर्गीय शिक्षकांचा घटनेने मान्य केलेला प्रतिनिधित्वाचा हक्क आकडेवारीअभावी लोंबकळला. ती आकडेवारी गोळा करणे ही शासनाची जबाबदारी होती. खुल्या प्रवर्गातील शिक्षकांनाही आज मिळालेली पदोन्नती उद्या टिकेल का याची खात्री राहिली नाही. निर्णय लांबला तसे दोन्ही बाजूंचे अनेक जण निवृत्त झाले. निवृत्तीनंतर कागदावर मिळणाऱ्या पदोन्नतीच्या मानीव (पूर्वलक्षी) दिनांकाने वेतनातील तफावत काही अंशी भरून निघते, पण त्या पदावर प्रत्यक्ष काम करण्याची संधी परत येत नाही.

जिल्ह्याची सीमा, स्त्रिया आणि दिव्यांग शिक्षक

नियमांच्या शब्दांत स्त्री-पुरुष भेद नाही. तो परिणामांत दिसतो. जिल्हा परिषद शिक्षकाने आंतरजिल्हा बदली घेतली की नव्या जिल्ह्यात त्याचे नाव ज्येष्ठता यादीत शेवटी जाते. पूर्वीची सेवा वेतन आणि निवृत्तिवेतनासाठी धरली जाते, पदोन्नतीच्या क्रमांकासाठी धरली जात नाही. नव्या जिल्ह्यातील शिक्षकांचा क्रम ढळू नये हा या नियमाचा हेतू रास्त आहे. पण लग्नानंतर पतीच्या जिल्ह्यात बदली मागणाऱ्यांत स्त्रियांची संख्या मोठी असल्याने या नियमाची किंमतही मुख्यतः त्याच मोजतात. पदोन्नतीने दूरच्या तालुक्यात पदस्थापना मिळाली की लहान मुले किंवा आजारी सासू-सासरे घरी असलेल्या शिक्षिकेला पदोन्नती नाकारावी लागते आणि तिची संधी पुढे ढकलली जाते. रिक्त जागा जाहीर करून ज्येष्ठतेनुसार पसंती घेण्याची समुपदेशनाची पद्धत आल्याने पदस्थापनेतील वशिलेबाजीला बराच आळा बसला आणि निवडीला थोडी मोकळीक मिळाली.

दिव्यांग कर्मचाऱ्यांना १९९५ च्या कायद्याने ३ टक्के आणि २०१६ च्या कायद्याने ४ टक्के आरक्षण दिले. ते पदोन्नतीलाही लागू आहे का, यावर बराच काळ संदिग्धता होती. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ च्या राजीव कुमार गुप्ता, २०२० च्या सिद्धराजू आणि २०२१ च्या लीसम्मा जोसेफ निकालांतून ती दूर केली. महाराष्ट्राने २०२१ मध्ये त्यानुसार शासन निर्णय काढला.

पात्रता परीक्षेचे वळण

शिक्षण हक्क कायद्याखाली राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी शिक्षक पात्रता परीक्षा अनिवार्य केली. महाराष्ट्रात पहिली परीक्षा डिसेंबर २०१३ मध्ये झाली. त्याआधी नियमाप्रमाणे नेमलेल्या शिक्षकांना ती परीक्षा पदोन्नतीसाठी लागते का, हा वाद महाराष्ट्र आणि तमिळनाडूतून सर्वोच्च न्यायालयात गेला. अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्ट विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात १ सप्टेंबर २०२५ रोजी निकाल लागला. सेवेचा पाच वर्षांहून अधिक काळ बाकी असलेल्या शिक्षकांनी दोन वर्षांत परीक्षा उत्तीर्ण व्हावे, पाच वर्षांहून कमी सेवा उरलेल्यांना नोकरीत राहता येईल, पण पदोन्नतीसाठी परीक्षा उत्तीर्ण असणे सर्वांनाच आवश्यक राहील, असे न्यायालयाने ठरवले. अल्पसंख्याक संस्थांचा प्रश्न मोठ्या खंडपीठाकडे सोपवण्यात आला.

या निकालाने ज्येष्ठता यादीच्या अर्थात बदल केला. यादीत वरचा क्रमांक असूनही परीक्षा उत्तीर्ण नसलेला शिक्षक मागे राहतो आणि परीक्षा उत्तीर्ण झालेला कनिष्ठ शिक्षक पुढे जातो. मुलांना पात्र शिक्षक मिळण्याचा हक्क हा निकालाचा पाया आहे. त्याच वेळी ज्या काळात ही परीक्षाच नव्हती त्या काळात सर्व अटी पूर्ण करून लागलेल्या आणि पंचवीस वर्षे शिकवलेल्या शिक्षकाला वाटणारी अन्यायाची भावनाही समजण्याजोगी आहे. परीक्षा हा निकष न्याय्य ठरण्यासाठी परीक्षा निर्दोष असावी लागते. महाराष्ट्रातील २०१९-२० च्या पात्रता परीक्षेतील गैरप्रकार २०२१ मध्ये उघड झाले आणि साडेसात हजारांहून अधिक उमेदवारांवर कारवाई करावी लागली. त्या प्रकरणाने प्रामाणिकपणे उत्तीर्ण झालेल्यांवरही संशयाची छाया टाकली.

इतिहासातून दिसणारे

या वाटचालीत काही गोष्टी पक्क्या झाल्या आहेत. पदोन्नतीचा निर्णय एका व्यक्तीच्या मर्जीवर सोडता येत नाही. ज्येष्ठता यादी, बिंदुनामावली आणि रिक्त पदे जाहीर असली पाहिजेत, हरकतींवर कारणांसह निर्णय झाला पाहिजे आणि प्रतिकूल शेरा संबंधिताला कळला पाहिजे. सेवेच्या मध्यावर निकष बदलला तर आधीपासून सेवेत असलेल्यांना तयारीला पुरेसा अवधी मिळाला पाहिजे. ऐतिहासिक विषमता दूर करण्यासाठी केलेली तरतूद समान संधीचाच भाग आहे आणि तिला टिकाऊ आधार देण्यासाठी खरी आकडेवारी गोळा करणे हे शासनाचे कर्तव्य आहे.

सर्वांत मोठी त्रुटी मात्र विलंबाची राहिली. दरवर्षी अंतिम यादी, वेळेवर पदोन्नती समितीची बैठक आणि रिक्त पदांची पूर्ती एवढे नियमित झाले असते, तर न्यायालयापर्यंत गेलेल्या अनेक तक्रारी जिल्हा परिषदेतच मिटल्या असत्या. मुख्याध्यापकाचे पद रिकामे राहिले की एका शिक्षकाचा हक्क तर बुडतोच, शिवाय वर्ग शिकवणाऱ्या दुसऱ्या शिक्षकावर कार्यालयीन कामाचा बोजा पडतो आणि त्याच्या वर्गातील मुलांचे तास जातात. शिक्षकाला वेळेवर मिळालेला न्याय त्या मुलांच्याही हिताचा असतो.